विकत घेतलेला सिनेमा गेला कुठे?

बाबांच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं तेव्हाची गोष्ट. डोळ्यावरची पट्टी निघाल्यावर आठवड्याभरात बाबा म्हणाले, मला एक सिनेमा बघायचाय, तंबूत बघितला होता जत्रेला, तमाशापट आहे, तुमच्या त्या मोबाईलवर मिळतोय का बघ. नाव सांगितलं. मी शोधला आणि खरंच एका ॲपवर सापडला, मला तर भरून आलं. दोन बटणं होती, एक भाड्यानं घ्या आणि एक विकत घ्या. भाड्याचा ४८ तासच चालतो आणि बाबा काही एका बैठकीत सिनेमा बघत नाहीत, मध्येच झोप लागते, म्हणून मी सरळ विकत घेतला. अर्धा बघून झाला, बाबा झोपले, मग घरात लग्नकार्य निघालं, पाहुणे आले, आणि दीड महिन्यानं परत लावायला गेले तर सिनेमाच गायब. पोस्टर दिसत होतं आणि खाली लिहिलेलं, सध्या उपलब्ध नाही.

मेल केला. उत्तर आलं की हक्कांचा करार संपला, आपले पैसे वॉलेटमध्ये जमा केले आहेत. पैसे आले हो, पण माझं म्हणणं पैशांबद्दल नव्हतंच. मी पुस्तक विकत घेतलं आणि उद्या त्या प्रकाशकाचं आणि लेखकाचं बिनसलं तर कोणी माझ्या घरात येऊन फडताळातून पुस्तक काढून नेतं का? मग इथं "विकत घ्या" हा शब्द वापरायची परवानगी यांना दिली कोणी?

हा प्रश्न मलाच पडलाय असं नाही. अमेरिकेत कॅलिफोर्निया राज्यानं यावर कायदाच केला, २०२४ मध्ये सही झाली आणि १ जानेवारी २०२५ पासून लागू झाला. त्याप्रमाणे डिजिटल सिनेमा किंवा गेम विकताना "खरेदी" हा शब्द तसाच वापरता येत नाही, तुम्हाला फक्त परवाना मिळतोय आणि तो काढून घेतला जाऊ शकतो हे गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगावं लागतं. म्हणजे निदान खोटं तरी बोलू नका एवढाच तो कायदा. पण खरं दुखणं त्याच्या पलीकडे आहे आणि तेच मला इथं मांडायचंय, कारण आपल्याकडे ओटीटीवर चर्चा होते ती शिव्यागाळी, बोल्ड सीन आणि थिएटर ओस पडली यावर, आणि सिनेमा राहणार कुठं, कोणाकडं, यावर कोणी बोलत नाही.

आधी एक कबूल करते. ओटीटीनं आपल्याला भरपूर दिलंय. २०१६ ला जानेवारीत नेटफ्लिक्स आलं, सप्टेंबरात जिओ, डिसेंबरात ॲमेझॉन प्राईम, आणि त्या एका वर्षानंतर आपलं बघणंच बदललं. चैतन्य ताम्हाणेंचा 'द डिसायपल' २०२० मध्ये व्हेनिसला पटकथेचा पुरस्कार घेऊन आला आणि पुढच्या वर्षी थेट नेटफ्लिक्सवर लागला, शास्त्रीय गाणं शिकणाऱ्या मुलाची मराठी गोष्ट जगभर एका वेळी. मल्टिप्लेक्सच्या भरवशावर राहिला असता तर माझ्या गावात त्याचा एक शो तरी लागला असता का, मला नाही वाटत. माझी बहीण दुबईत आहे, तिच्या मुलांचं मराठी टिकलंय त्यात मोठा वाटा मोबाईलवरच्या मराठी सिनेमांचा आहे. त्यामुळे जुनं ते सगळं सोनं असं म्हणणाऱ्यांतली मी नाही.

स्टुडिओ आणि थिएटर एकाच मालकाच्या हातात असणं हेही काही नवीन नाही. प्रभात फिल्म कंपनी १९२९ ला कोल्हापुरात निघाली, १९३३ ला पुण्यात आली, नटांपासून सुतारापर्यंत सगळे पगारी, आणि अप्पा बळवंत चौकात प्रभात टॉकीज. तिकडं हॉलिवूडमध्ये तर मोठ्या स्टुडिओंच्या थिएटरच्या साखळ्याच होत्या, म्हणजे सिनेमा बनवणार मी, लावणार मी, आणि दुसऱ्याचा लावायचा की नाही ते ठरवणार पण मीच. शेवटी १९४८ मध्ये अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टानं पॅरामाउंट खटल्यात हे मोडून काढलं, स्टुडिओंना थिएटरं वेगळी करावी लागली. ते बंधन २०२० मध्ये उठलं. काळ बदलला, आता गरज नाही असं कारण दिलं गेलं, आणि नेमक्या त्याच काळात स्टुडिओ स्वतःची ॲप काढून बसले होते जिथं परत बनवणारा, लावणारा आणि कपाटाची किल्ली ठेवणारा एकच.

आता फरक कुठं आहे ते नीट बघा, कारण माझा सगळा मुद्दा इथंच आहे. प्रभातचा सिनेमा निघाला की त्याच्या प्रिंटा निघायच्या, पत्र्याच्या डब्यात रिळं भरून एसटीनं, रेल्वेनं गावोगाव जायच्या, वितरकाकडे पडायच्या, तंबूवाल्याकडे पडायच्या. कोणी जपून ठेवायचा हेतूनं हे करत नव्हतं, धंदाच तसा होता. पण त्यामुळे एक सिनेमा शंभर ठिकाणी असायचा आणि नव्याण्णव ठिकाणी नष्ट झाला तरी एखाद्या ठिकाणी उरायचा. 'मेट्रोपोलिस' हा १९२७ चा जर्मन सिनेमा, त्याचा कापलेला भाग २००८ मध्ये सापडला तो कुठं, तर अर्जेंटिनात ब्युनोस आयरेसच्या एका संग्रहालयात. आपला 'बिल्वमंगल', कलकत्त्यात बनलेला १९१९ चा मूकपट, इथं त्याचा मागमूस नव्हता, त्याचा उरलेला भाग २०१६ मध्ये पुण्याच्या चित्रपट संग्रहालयाला मिळाला तो फ्रान्समधून. म्हणजे सिनेमा वाचला तो त्याच्या प्रती पसरल्या म्हणून.

आणि आता? सिनेमा एका कंपनीच्या सर्व्हरवर, तुमच्या आमच्या घरात फक्त त्याची सावली येते. कंपनीनं तो काढला की सगळ्या जगातून एका क्षणात गेला, ना माझ्याकडे, ना गल्लीतल्या सीडीवाल्याकडे, ना लायब्ररीत.

हे मी भीती घालायला बोलत नाहीये, हे होऊन गेलंय. ऑगस्ट २०२२ मध्ये वॉर्नर कंपनीनं 'बॅटगर्ल' नावाचा सिनेमा, शूटिंग झालेलं, सुमारे ९ कोटी डॉलर खर्च झालेले, ना थिएटरला लावला ना ॲपवर. कारण तो दाखवण्यापेक्षा तोटा म्हणून दाखवला तर टॅक्समध्ये जास्त फायदा होता. त्या सिनेमाचे दोन दिग्दर्शक, आदिल आणि बिलाल, त्यांनी नंतर सांगितलं की बातमी कळल्यावर आम्ही सर्व्हरवर गेलो, म्हटलं निदान मोबाईलनं स्क्रीन शूट करून ठेवू, तर सगळं बंद झालं होतं. विचार करा, आपण केलेला सिनेमा आपल्यालाच बघता येत नाही आणि मोबाईलनं चोरून शूट करायची वेळ येते.

त्याच महिन्यात त्याच कंपनीच्या ॲपवरून बऱ्याच मालिका काढल्या, त्यात 'सेसमी स्ट्रीट'चे जवळपास २०० जुने भाग होते, म्हणजे लहान मुलांचा कार्यक्रम. 'इन्फिनिटी ट्रेन' नावाची ॲनिमेशन मालिका गेली. पुढच्या वर्षी डिस्नेनं तेच केलं. 'क्रेटर' नावाचा त्यांचा सिनेमा २०२३ च्या मे महिन्यात ॲपवर आला आणि जून संपेपर्यंत काढला पण, दोन महिनेसुद्धा राहिला नाही. हिशोब असा की सिनेमा ॲपवर ठेवला तर लेखक, नट यांना थोडे थोडे पैसे देत राहावे लागतात, आणि काढून टाकला तर तेही वाचतात आणि वहीत तोटाही दाखवता येतो. २०२३ मध्ये हॉलिवूडच्या लेखकांनी १४८ दिवस संप केला तो काही उगाच नाही, मागण्या पुष्कळ होत्या पण ॲपवर चालणाऱ्या कामाचा मोबदला आम्हाला कसा मिळणार ही त्यातली मोठी होती.

त्यात कंपन्या एकमेकींना गिळतायत. डिस्नेनं २०१९ मध्ये फॉक्सचा सिनेमा-मालिकांचा बहुतेक धंदा ७१ अब्ज डॉलरला घेतला, ॲमेझॉननं २०२२ मध्ये एमजीएम स्टुडिओ घेतला, आणि आपल्याकडे रिलायन्स आणि डिस्नेचा ७०,३५२ कोटींचा एकत्र संसार नोव्हेंबर २०२४ ला सुरू झाला, फेब्रुवारी २०२५ ला दोन ॲपचं एक ॲप झालं. बातम्यांत आपण क्रिकेटचं काय होणार तेवढंच वाचलं. पण प्रत्येक वेळी अशी विक्री होते तेव्हा हजारो सिनेमांची कपाटं या घरातून त्या घरात जातात, आणि नवीन मालकाला त्यातलं काय कामाचं आणि काय अडगळ हे तो त्याच्या हिशोबानं ठरवतो. त्या हिशोबात १९७०-८० च्या दशकातला एखादा मराठी ग्रामीण सिनेमा कुठं बसणार?

कोणी म्हणेल हे सगळं मोठ्या कंपन्यांचं, मराठी निर्मात्याचा सिनेमा त्याच्याकडे असतोच की. माझी एक मैत्रीण एडिटर आहे, तिच्याकडे बसून मी हे डोळ्यांनी बघितलंय. एका छोट्या निर्मात्याचा माणूस आला, दहा-बारा वर्षांपूर्वीचा सिनेमा, टीव्हीवाल्यांनी परत मागितलाय म्हणून खूश होता. हार्ड डिस्क आणलेली, रुमालात गुंडाळून, वर मार्करनं सिनेमाचं नाव आणि "फायनल फायनल" लिहिलेलं. तिनं जोडली. डिस्क फिरायला लागली, मग टक, टक, टक असा आवाज, परत फिरली, परत टक टक. तिनं लगेच वायर काढली. त्या माणसाचा चेहरा मला अजून आठवतो, तो म्हणाला, मॅडम दुसरी कॉपी लॅबमध्ये होती, लॅब बंद झाली. थिएटरला गेलेली कॉपी होती तिचं काय विचारलं तर ती कुलूप लावलेली, डिजिटल सिनेमाला प्रत्येक थिएटरसाठी वेगळी चावी येते आणि ती चावी ठरलेल्या तारखांपुरतीच चालते, तारीख गेली की ती फाईल म्हणजे नुसता डबा. पत्र्याच्या डब्यातलं रीळ चाळीस वर्षांनी काढलं तर वास येईल, रंग उडालेला असेल, पण उजेडासमोर धरलं तर चित्र दिसतं. हार्ड डिस्क उजेडासमोर धरून काय दिसणार?

डेटा रिकव्हरीवाल्याकडे दिली. साधारण अर्धा सिनेमा निघाला, तोही सलग नाही.

आता यावर आपला इतिहास बघा म्हणजे कळेल आपण किती बेफिकीर आहोत. भारतातला पहिला पूर्ण लांबीचा सिनेमा फाळक्यांचा, ३ मे १९१३ ला गिरगावात कोरोनेशनला लागला, आपण त्यांच्या नावानं देशातला सगळ्यात मोठा सिनेमाचा पुरस्कार देतो, आणि तो सिनेमा आज अख्खा कुठंच नाही. पहिला बोलपट 'आलम आरा', १९३१, त्याची एकही प्रत नाही, शून्य. मूकपटाच्या काळात या देशात हजारावर सिनेमे बनले आणि हातात उरले मोजके, कारण रिळात चांदी असते म्हणून लोकांनी रिळं धुवून चांदी काढली. पी. के. नायर नावाचे एक गृहस्थ पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात बसले, १९६४ ला ते संग्रहालय सुरू झालं, आणि त्या माणसानं नाशिकला फाळक्यांच्या घरापर्यंत जाऊन, गोडाऊनं, भंगारवाले धुंडाळून जे काही वाचवलं जवळपास तेवढंच आज आपल्याकडे आहे. त्यातलंही काही २००३ च्या जानेवारीत आगीत गेलं, जुन्या नायट्रेटच्या रिळांना आग लागली आणि त्यात प्रभातच्या काळातल्या मूळ फिल्मही होत्या. व्हेनिसला १९३७ मध्ये गौरवलेला 'संत तुकाराम' आज आपण बघू शकतो ही मला खरंच पूर्वजांची पुण्याई वाटते.

त्या पिढीकडे एक सबब तरी होती, सिनेमा जपायचा असतो हे कोणाला माहीतच नव्हतं. आपल्याला सगळं माहीत आहे.

मग करायचं काय? मला वाटतं उत्तर फार अवघड नाही आणि ते पुस्तकांच्या बाबतीत आपण १९५४ सालीच दिलेलं आहे. तेव्हाच्या कायद्यानं प्रत्येक प्रकाशकाला छापलेल्या पुस्तकाची प्रत ३० दिवसांत स्वखर्चानं कलकत्त्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि इतर तीन ग्रंथालयांना पाठवावी लागते, त्यातलं एक आपल्या मुंबईत आहे. किती प्रकाशक पाळतात हा वेगळा विषय, पण कायदा आहे. सिनेमाला असं काही नाही. सेन्सॉरकडे जाणारी प्रत तपासणीसाठी असते, शंभर वर्षं टिकवायला नाही. आणि वेब सीरिज तर सेन्सॉरकडे जातच नाहीत, त्यांच्यासाठी २०२१ चे आयटी नियम आहेत, त्यात वयाचं रेटिंग आहे, तक्रार कुठं करायची ते आहे, आणि दाखवलेल्या कार्यक्रमाची नोंद ठेवायची मुदत किती, तर किमान ६० दिवस. साठ दिवस! आपल्या घरातलं लाईट बिलसुद्धा आपण त्याहून जास्त दिवस ठेवतो. फ्रान्समध्ये सिनेमाची प्रत सरकारदरबारी जमा करणं बंधनकारक आहे, आकाश कोसळलं नाही, उलट जगातल्या सगळ्यात धडधाकट सिनेमा उद्योगांपैकी तो एक आहे.

महाराष्ट्राला तर केंद्राची वाट बघायचीही गरज नाही. राज्य सरकार मराठी सिनेमाला अनुदान देतं, अ दर्जाला ४० लाख, ब दर्जाला ३० लाख. हे तुमचे माझे पैसे आहेत. त्या अनुदानाच्या अटींमध्ये एक ओळ घाला की शेवटचा हप्ता मिळण्याआधी सिनेमाची पूर्ण दर्जाची, कुलूप नसलेली प्रत, सबटायटल आणि पटकथेसकट, संग्रहालयात जमा करा. आणि दुसरी ओळ अशी की प्रदर्शनानंतर, समजा दहा वर्षांनी, तो सिनेमा कुठल्याच ॲपवर किंवा टीव्हीवर मिळत नसेल तर सार्वजनिक ग्रंथालयात बसून लोकांना बघता येईल. केरळ सरकारनं मार्च २०२४ मध्ये स्वतःचं ओटीटी काढलं, सी स्पेस, एक सिनेमा ७५ रुपयात. मला ते सगळंच्या सगळं उचलावं असं म्हणायचं नाही, सरकारी ॲप चालवणं सोपं नसतं, पण त्यांनी निदान हे काम सरकारचंही आहे एवढं मान्य केलं.

निर्माते म्हणतील प्रत बाहेर गेली की पायरसी होईल. ही भीती खरी आहे, मी ती झटकत नाही, कर्ज काढून सिनेमा केलेल्या माणसाच्या पोटावर पाय येतो. पण संग्रहालयात जमा केलेली प्रत आणि टेलिग्रामवर फिरणारी प्रत या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, पायरसी होते ती रिलीजच्या पहिल्या आठवड्यात आणि संग्रहालयातून नाही. आणि एक कडू गोष्ट सांगू का, आज कितीतरी जुने मराठी सिनेमे जिवंत आहेत ते कोणीतरी घरच्या व्हीसीडीवरून कॉपी करून यूट्यूबवर टाकले म्हणून, अंधुक, कडेला कापलेले, मध्येच कुठल्यातरी कंपनीचा शिक्का. म्हणजे कायदेशीर मालकांनी टाकून दिलेलं चोरांनी सांभाळलं. ही परिस्थिती मला चोरांपेक्षा मालकांसाठी आणि आपल्या सरकारसाठी जास्त लाजिरवाणी वाटते.

पैशाचं म्हणाल तर केंद्रानं २०२२ मध्ये २,२०० सिनेमे दुरुस्त करायला ३६३ कोटी जाहीर केले. चांगलंच आहे, पण खराब झालेला सिनेमा दुरुस्त करायला एवढा खर्च येतो, आणि चांगला असतानाच प्रत ठेवून घेतली तर त्याचा किरकोळ भाग लागतो. सांधेदुखीवर लाखांचं ऑपरेशन करायचं आणि चालायला मात्र जायचं नाही, तसं झालं हे.

बाबांचा सिनेमा शेवटी बघून झाला. माळ्यावर त्यांचा व्हीसीडीचा डबा होता, त्यात तो निघाला, दोन डिस्क, कव्हरवर तीस रुपयांचं स्टिकर. आता घरात प्लेअर कुठला, चुलतभावाच्या झेरॉक्सच्या दुकानात एक जुना लॅपटॉप होता ज्याला सीडीचा कप्पा आहे, तिथं स्टुलावर बसून बाबांनी बघितला, दुसऱ्या डिस्कवर ओरखडा होता म्हणून लावणीच्या वेळी तीनदा अडकला आणि बाबा तेवढा भाग स्वतः म्हणून दाखवत होते. मी तो दोन पेन ड्राइव्हवर उतरवून ठेवलाय, एक माझ्याकडे, एक बहिणीकडे दुबईला.

तुमच्या घरात, वाड्यात, बंद पडलेल्या टॉकीजच्या खोलीत कुठं रिळांचे डबे असतील, तर भंगारवाल्याला देण्याआधी एकदा पुण्यात लॉ कॉलेज रोडवरच्या संग्रहालयात फोन करून विचारा. डब्यावरचं लेबल फाटलं असलं तरी फेकू नका, आणि डबा घरी उघडत बसू नका, उन्हात ठेवू नका, नायट्रेटचं रीळ पेट घेतं.